कल्पित पोथी करायची, तर इथली करा

मा. संपादक,
स. न. वि. वि.

गणपतीतले देखावे, शाळांची स्नेहसंमेलने, एकांकिका स्पर्धा, कडोली-उचगाव-येळ्ळूरच्या साहित्य संमेलनांत नवोदित वाचतात त्या कथा, या सगळ्यांत एक पोथी अधूनमधून हजेरी लावते. हजारो वर्षांची, गूढ, एका लोकातून दुसऱ्या लोकात जायची वाट सांगणारी. कल्पना झकास आहे, तक्रार तिच्याबद्दल नाही. तक्रार ती पोथी दिसते कशी याबद्दल आहे. वीतभर जाडीचा चामडी ग्रंथ, पितळी कडी, चारी बाजूंनी जाळलेल्या कडा, वर पंचकोनी तारा आणि आत मार्करने काढलेला ॐ. हा ग्रंथ थेट विलायती सिनेमातून उतरलेला असतो. बेळगाव, खानापूर, निपाणी, चिकोडी या पट्ट्यातल्या कुठल्याही देव्हाऱ्यात, मठात किंवा बस्तीत (जैन मंदिरात) असली वस्तू सापडायची नाही. जुन्या पोथ्या हाताळणारे आणि नाटकांसाठी नकली पोथ्या करून देणारे आम्ही काही जण आहोत. देखावे आणि नाटके बसवणाऱ्या मंडळींना उपयोग होईल म्हणून हे जरा तपशिलात लिहीत आहोत. जागेअभावी कापायचे झाल्यास शाईचे प्रमाण आणि शेवटची सूचना तेवढी ठेवावी.

आधी आकार. आपली पोथी म्हणजे सुटी, आडवी पाने. शिवण नाही, कणा नाही. वर-खाली दोन लाकडी फळ्या आणि सगळ्याला सुती कापडाचा बस्ता. शहापूर-वडगावच्या मागावरचे साधे लाल कापड त्याला उत्तम; मखमल नको. पान साधारण २४ सेंमी लांब आणि ११ सेंमी उंच धरावे. हातकागदाचा ५६ बाय ७६ सेंमीचा ताव नीट आखून कापला, तर असली १५ पाने निघतात. दोन तावांत २४ पानांची पोथी होते आणि बिघडवायला सहा पाने हाताशी राहतात. प्रवासी पात्राला पोथी कमरेला खोचून हिंडायचे असेल, तर सुटी पाने सोडून ‘बाड’ करावे. अभंग-पदांची असतात तसली आडवी, शिवलेली वही. तीही अस्सल इथली आहे, आणि प्रयोगात पाने उडून प्रेक्षकांत जाण्याची भीती राहत नाही. देखाव्यासाठी मोठी पोथी लागली तरी लांबी उंचीच्या दुपटीहून थोडी जास्त, हे प्रमाण सोडू नये. चौकोनी पोथी लांबूनही खोटी दिसते.

हातकागद तसाच घेऊन लिहिले की शाई फुटते, कारण त्याला खळ नसते. चमचाभर तांदळाचे पीठ दोन कप पाण्यात कालवून पारदर्शक होईतो शिजवावे, फडक्यातून गाळावे आणि रुंद ब्रशने दोन्ही बाजूंना अगदी पातळ हात द्यावा. पाने सपाट ठेवून वाळवावीत, मग गुळगुळीत गोट्याने नाही तर काचेच्या बाटलीच्या बुडाने घोटावीत. घोटलेल्या कागदावर बोरू घसरत जातो, न घोटलेल्यावर खुरडतो. मंडळे हे काम श्रावणात काढतात आणि तिथेच फसतात. आपल्याकडच्या पावसात खळ दोन-दोन दिवस वाळत नाही आणि तिसऱ्या दिवशी बुरशीचे ठिपके दिसू लागतात. जमल्यास मे महिन्यात पाने तयार करून ठेवावीत. नाहीच जमले तर खळीत लवंग तेलाचे दोन थेंब टाकावेत आणि रात्रभर पंख्याखाली वाळवावे. मोरचूद घालायचा जुना उपाय कुणी सांगेल. पोरे पाने हाताळणार असतील तर तो नको.

कागद जुना दाखवायचा तर चहाचे पाणी चालते. अर्धा लिटर पाण्यात दोन चमचे पूड उकळून गार करावी. दूध-साखरेचा उरलेला चहा ओतू नये, मुंग्या लागतात. पण पान अख्खे बुडवू नका. खऱ्या पोथीत मळते ते बोट लागते तिथे, म्हणजे खालचे दोन कोपरे आणि कडा; मधला भाग बराच उजळ राहतो. स्पंजाने कडांकडून आत रंग विरत न्यावा. हे सगळे लिहिण्याच्या आधी. लिहून झाल्यावर चहा लावला की शाईतला डिंक सुटतो आणि ओळी पसरतात. कडा जाळण्याचा सोस मात्र सोडावा. पोथीला कसर लागते, वाळवी लागते, तेलाचा डाग पडतो, उंदीर एखादा कोपरा नेतो. चारही कडा सारख्या जळून अक्षर न अक्षर शाबूत राहील असा अपघात कसा व्हावा? किडीची भोके दाखवायची असतील तर पाने एकावर एक ठेवून दाभणाने सलग पाडावीत, कारण कीड एका पानातून थेट पुढच्या पानात जाते. लेखन आधी आणि भोके नंतर, हा क्रम विसरू नये. भोक चुकवून वळसा घेणारे अक्षर दिसले की जाणता माणूस पोथी मिटतो.

शाई काजळाची. तिळाच्या तेलाचा दिवा लावून वर तांब्याचे भांडे उपडे धरले की काजळ जमते. काजळ १ भाग, बाभळीचा डिंक २ भाग. म्हणजे ५ ग्रॅम काजळाला १० ग्रॅम डिंक आणि ५०–६० मिली पाणी. काजळ पाण्यावर तरंगते, भिजत नाही. म्हणून डिंक रात्रभर थोड्या पाण्यात भिजवून त्याच्या घट्ट पाकात आधी काजळ मळावे, खलात निदान तीन तास घोटावे आणि मग उरलेले पाणी थेंबाथेंबाने घालावे. डिंक कमी पडला तर वाळलेले अक्षर बोटाला लागते. जास्त झाला तर अक्षर चकाकते आणि पान वाकवले की तडकून पडते. लाल अक्षरांना गेरू आणि डिंक वापरावा. हिंगूळ जुन्या पोथ्यांत असतो, पण तो पाऱ्याचा, तेव्हा नाटकासाठी नको. चुकलेल्या अक्षरावर जुने लेखक हरताळ फिरवीत. ती सोमलाच्या वर्गातली, विषारी. तिच्या जागी पिवळी माती चालते. हळद लावू नये, दिव्यांच्या उजेडात दोन प्रयोगांत उडते. हरताळ विषारी, म्हणूनच घरातल्या खऱ्या पोथीचे पान थुंकी लावून कधीही उलटू नये. पिवळा पट्टा दिसला तर हात धुवावेत.

बोरूचे टोक तिरके कापतात, हे सगळ्यांना माहीत असते. पण बाजारातले कॅलिग्राफीचे साधे निब रोमन अक्षरांच्या तिरकेपणाचे असते, बाळबोधीचा, म्हणजे देवनागरीचा, कल त्याच्या उलट. चुकीच्या निबाने जाड रेघ बारीक होते, बारीक ती जाड होते, आणि सुंदर अक्षरही परके दिसते. ओळी पेन्सिलीने आखू नयेत. पुठ्ठ्यावर समान अंतराने दोरे ताणून चिकटवावेत, त्यावर पान ठेवून बोट दाबत न्यावे, ओळी उठतात. अक्षर ओळीला टांगलेले असावे, ओळीवर बसलेले नसावे. एका बाजूला १० ओळी, ओळीत ३२ अक्षरे. जुना हिशेब ३२ अक्षरांचा एक ‘ग्रंथ’ असा, म्हणजे एका पानाच्या दोन्ही बाजू मिळून २० ग्रंथ आणि २४ पानांत ४८०. मारुतीच्या देवळात बसून एका चातुर्मासात वाचून व्हावी एवढी ही पोथी. कथेत ती ‘लाख श्लोकांची’ म्हणायची असेल तर फळ्यांमध्ये पानांचा ढीग दिसायला हवा! दासबोधाच्या एकोणिसाव्या दशकाचा पहिला समास लेखनक्रियेवरच आहे. पहिल्यापासून शेवटच्या अक्षरापर्यंत एकाच टाकाने लिहिल्यासारखे वाटावे, ही त्यातली अपेक्षा समोर ठेवावी. चार जणांनी चार पाने वाटून घेतली की तिथेच घोळ होतो.

शब्दांमध्ये जागा सोडू नये. स्वल्पविराम, प्रश्नचिन्ह, उद्गारचिन्ह तर मुळीच नको. ती एकोणिसाव्या शतकातली, छापखान्याबरोबर रुळलेली. एक दंड, दोन दंड, बस. मुखपृष्ठ नसते. पहिल्या पानाची पुढची बाजू बहुधा कोरी ठेवावी, मजकूर पाठीमागून ‘श्रीगणेशाय नमः’ने सुरू करावा. पोथी बस्तीतली दाखवायची असेल तर ‘श्रीवीतरागाय नमः’. पानाचा आकडा पाठच्या बाजूला समासात, सोबत ग्रंथाचे आखूड नाव. राहून गेलेला शब्द हंसपदाची खूण करून समासात लिहावा. असली एक-दोन ठिकाणे मुद्दाम ठेवली तर पोथी एकदम जिवंत होते.

पान उलटणे नटांना शिकवावेच लागते. पोथीचे पान पुस्तकासारखे उजवीकडून डावीकडे जात नाही. पलीकडची लांब कड उचलून पान आपल्याकडे आणायचे आणि पालथे ठेवायचे. त्यामुळे पाठच्या बाजूचा मजकूर पुढच्या बाजूच्या खालच्या कडेपासून सुरू झाला पाहिजे. लिहिताना हे विसरले की प्रयोगात नट पान उलटतो आणि अक्षरे उलटी येतात. दर दोन स्पर्धांत एकदा तरी हे घडते.

आता लिपी. गूढ दिसावे म्हणून मोडी वापरायचा मोह होतो. मोडी हिशेबाची, पत्रांची, दफ्तराची लिपी. संस्कृत मंत्र मोडीत लिहिलेली पोथी दाखवणे म्हणजे आरती सात-बाराच्या उताऱ्यावर छापणे. मजकूर बाळबोधीत ठेवावा. सीमाभागाचा खरा रंग हवा असेल तर समासातल्या टिपा कन्नडमध्ये घालाव्यात. एकाच घरात दोन्ही लिप्या चालत, त्यात नवल नाही. एखादी मागच्या मालकाने केलेली जमाखर्चाची नोंद मात्र शेवटच्या कोऱ्या बाजूला मोडीत जरूर असावी. संगणकावर मोडीचा फाँट घेऊन केली तर ऱ्हस्व-दीर्घ काटेकोर पाळू नयेत, मोडीत तो भेद पाळला जात नसे.

काळाचे गणित इथेच सर्वांत जास्त चुकते. ‘हजार वर्षांपूर्वीचा कागद’ म्हणू नये. आपल्याकडे कागद सर्रास झाला तोच तेराव्या-चौदाव्या शतकानंतर. ग्रंथ कितीही जुना म्हणा, हातातली प्रत नकलेची नक्कल असू द्या. शेवटी पुष्पिका लिहायची. शके, संवत्सर, मास, पक्ष, तिथी, लिहिणाऱ्याचे नाव. शकाला संवत्सर जुळतो का, हे पाहायची सोपी रीत आहे. शकात १२ मिळवून ६० ने भागावे, बाकी राहील तो प्रभव या साठांतल्या पहिल्या संवत्सरापासूनचा क्रमांक. शके १५९६ घ्या. १६०८ ला ६० ने भागून बाकी ४८, म्हणजे आनंद संवत्सर, शिवराज्याभिषेकाचा. शके १६९४ ची प्रत करायची तर बाकी २६, नंदन. बाकी शून्य आली तर साठावा क्षय. वार घालायचा असेल तर पंचांगाच्या गणिताने तपासावा, नाही तर सरळ गाळावा. खरे लेखकही पुष्कळदा गाळत. आपल्याकडचा महिना अमावास्येला संपतो, तेव्हा कृष्ण पक्षातली मिती उत्तरेकडच्या हिंदी मालिकेतून उचलू नये, महिना बदलतो. पुष्पिकेनंतर लेखकाची हात झटकणारी ओळ हवीच: ‘यादृशं पुस्तकं दृष्ट्वा तादृशं लिखितं मया’. समोर दिसले तसे लिहिले, चूक असेल तर मला दोष नको. मंत्र का फसला, याचे कारण कथेला इथेच फुकट मिळते.

भाषेकडेही एक डोळा असावा. यादवकाळची म्हणवणाऱ्या पोथीत ‘दरवाजा’, ‘रस्ता’, ‘नकाशा’ आले की संपले. हे शब्द फारसी-अरबीतून नंतर आले. द्वार, वाट, पट म्हणावे. न उच्चारले जाणारे अनुस्वार १९६२ च्या लेखननियमांनी गेले, तेव्हा जुन्या मजकुरात ते सढळ हाताने द्यावेत. गद्यापेक्षा ओवी बरी. तीन चरणांना यमक, चौथा तोकडा. नमुन्याला एक अशी:

घटिका बुडे तंव राहावें । बुडतां मागें न पाहावें ।
आलिया वाटेंचि यावें । आपुलिया लोकां ॥ १७ ॥

या ओवीतली घटिका, म्हणजे पाण्यात बुडणाऱ्या पात्राने मोजायचा वेळ, हा सगळ्या पोथीचा कणा होऊ शकतो, आणि इथेच आपल्याकडचा खजिना वापरला जात नाही याचे वाईट वाटते. बाहेरच्या कथांत एका जगातून दुसऱ्यात जाताना प्रकाशाचा भोवरा फिरतो आणि काम झाले. आपल्याकडे हिशेब आहे. भूः, भुवः, स्वः, महः, जनः, तपः, सत्य हे वर. अतळ, वितळ, सुतळ, तळातळ, महातळ, रसातळ, पाताळ हे खाली. भागवताच्या पाचव्या स्कंधात खालचे सात लोक दहा-दहा हजार योजनांवर सांगितले आहेत. योजन चार कोसांचे धरून दिवसाला दोन योजने चालणारा गडी अतळाला पोचायलाच पावणेचौदा वर्षे घेईल. म्हणजे चालत जाणे बाद, पोथीला द्वार द्यावेच लागते. ते द्वार कुठे? खानापूर तालुक्यात हलशीला कदंबांच्या काळातले भूवराह-नरसिंहाचे देऊळ आहे. रसातळातून पृथ्वी वर काढली ती वराहानेच. खाली जाणारी वाट तिथून सुरू केली तर कुणाला पटवून द्यावे लागत नाही. मलप्रभेच्या उगमाचे कणकुंबीही त्याच तालुक्यात.

जैन परंपरेचे विश्व वेगळे आणि आखायला फार देखणे. लोक चौदा राजू (हे जैनांचे अंतराचे माप) उंच, उभ्या पुरुषाच्या आकाराचा. तळाशी सात राजू रुंद, कमरेला एक, छातीशी पाच, माथ्याला पुन्हा एक. कमरेत मध्यलोक, माथ्यावर सिद्धशिला. माणसाला अडीच द्वीपांपलीकडे जाताच येत नाही. मानुषोत्तर पर्वत ही त्याची हद्द. ओलांडता न येणाऱ्या हद्दीची गोष्ट सीमाभागातल्या प्रेक्षकाला समजावून सांगावी लागणार नाही. चित्र काढताना मात्र पौराणिक चौदा लोक आणि जैन चौदा राजू यांची खिचडी करू नये. बेळगावच्या किल्ल्यातली कमल बस्ती १२०४ सालची, आणि शेडबाळ-निपाणीकडचे प्रेक्षक ही चूक लगेच पकडतील.

वेळेचा दर लोकागणिक बदलतो, आणि नाट्य त्यातच आहे. आपले एक वर्ष म्हणजे देवांचा एक अहोरात्र. अहोरात्राच्या ६० घटिका, एक घटिका २४ मिनिटांची. म्हणजे देवलोकात एक घटिका काढली की इथे सहा दिवस जातात. दहा घटिका, एक जेवण आणि थोड्या गप्पा, की घरी दोन महिने उलटलेले. पितरांचा अहोरात्र आपल्या महिन्याएवढा, तिथली घटिका इथला अर्धा दिवस. ब्रह्मदेवाचा अहोरात्र ८६४ कोटी वर्षांचा, तेव्हा तिथली एक घटिका १४ कोटी ४० लाख वर्षांची. भागवतात ककुद्मी राजा मुलगी रेवतीसाठी वर विचारायला ब्रह्मलोकी जातो, गाणे संपेपर्यंत क्षणभर थांबतो, आणि तेवढ्यात इथे सत्तावीस चतुर्युगे होऊन जातात. सत्तावीस गुणिले ४३ लाख २० हजार म्हणजे ११ कोटी ६६ लाख ४० हजार वर्षे. वरच्या दराने ती ब्रह्मलोकातली सुमारे एकोणीस मिनिटे होतात. एक बैठकीचे गाणे! हा दर पोथीच्या एका पानावर कोष्टक करून घालावा, समासात कन्नड टीप द्यावी आणि नाटकातले कुठलेही पात्र तो मोडणार नाही हे लेखकाने पाहावे.

कधी निघायचे यालाही नियम आहेत. देवांचा दिवस उत्तरायण, रात्र दक्षिणायन. संक्रांतीला निघालेला माणूस त्यांच्या पहाटे पोचतो. कर्कसंक्रांतीला, म्हणजे इथे पेरण्या उरकून पाऊस लागलेला असताना निघालेला, दिवेलागणीला. पितरांचा दिवस कृष्ण पक्ष, शुक्ल पक्ष त्यांची झोप. आईला भेटायला पौर्णिमेच्या चांदण्यात पितृलोकाचे द्वार ठोठावणारा नायक दिसायला छान दिसतो, पण तिथे सगळे निजलेले असतात.

घटिकापात्र रंगमंचावर खरे ठेवता येते. दहा-बारा सेंमी तोंडाचे हलके तांब्याचे पात्र, बुडाला सुईच्या अग्राएवढे भोक, पाण्यावर सोडायचे. घड्याळ लावून बघावे. २४ मिनिटांच्या आत बुडाले तर भोक मोठे झाले, ठोकून आवळावे लागते. उशिरा बुडाले तर सुई फिरवून किंचित वाढवावे. म्हणून सुरुवात नेहमी लहान भोकापासून. बोअरच्या जड पाण्याने भोकात क्षार धरतात आणि आठवड्याभरात पात्र रेंगाळू लागते. पाणी गाळून घ्यावे आणि पात्र चिंचेने घासावे. एकांकिकेला २४ मिनिटे परवडत नाहीत, तेव्हा चार मिनिटांत बुडणारे दुसरे पात्र करावे. प्रेक्षकांना ते बुडताना दिसले की दिग्दर्शकाला पार्श्वसंगीताची निम्मी गरज उरत नाही.

पोथीच्या आत आणखी दोन गोष्टी लागतात. सुरुवातीला हा ग्रंथ कुणासाठी, कशाबद्दल, कशाकरता हे सांगणारे श्लोक. आपल्याकडे अधिकार सांगितल्याशिवाय विद्या सुरू होत नाही. आणि शेवटी फलश्रुती. ती लिहिताना हात आखडता घ्यावा. ‘सर्व लोक वश होतील’ असे लिहिले की पोथी जत्रेतल्या पुस्तकाच्या पातळीला येते. चालू उपासनेतला मंत्र जसाच्या तसा उचलू नये, मग तो वैदिक असो, लिंगायत शरणांचा असो वा जैनांचा णमोकार. भावना दुखावतात हे एक, आणि नट तो चुकीचा म्हणतो हे दुसरे. एक पान मात्र हरवलेले ठेवावे. आकडे ११ वरून १३ वर गेले की कथेला लागतो तेवढा गूढपणा त्या एका खाचेतून येतो.

शेवटची सूचना तातडीची. असली पोथी चांगली वठली की तिचे फोटो व्हॉट्सॲपवर फिरतात, नाटकाचे नाव गळते आणि महिन्याभरात ‘लोकांतराची प्राचीन पोथी सापडली’ अशी आवई उठते. मागोमाग गुप्तधनवाले येतात. म्हणून प्रत्येक पानाच्या पाठीवर, समासात, बारीक पण स्पष्ट अक्षरात ‘नाटकाची प्रत’ आणि इसवी सन लिहावे. दोन-तीन पाने मुद्दाम साध्या छपाईच्या कागदाची घालावीत. हल्लीच्या पांढऱ्या कागदात उजळपणासाठी रसायन असते, ते १९५० च्या सुमारापासूनचे. नोटा तपासायच्या जांभळ्या दिव्याखाली तो निळसर चकाकतो आणि वादच मिटतो. आजोबांच्या पोथीची दोन पाने खरेपणासाठी मध्ये घालायचे मात्र कुणी मनातही आणू नये. १९७२ च्या पुरावशेष कायद्यानुसार ७५ वर्षांहून जुने, ऐतिहासिक वा वाङ्मयीन मोलाचे हस्तलिखित हा पुरावशेष ठरतो. त्याच्या विक्रीचा धंदा परवान्याशिवाय करता येत नाही आणि ते परदेशी नेता येत नाही. गुप्तधनासाठी अघोरी प्रकार करणे कर्नाटकाच्या २०१७ च्या कायद्याने गुन्हा आहे.

आपल्या वृत्तपत्राकडेही एक मागणे आहे. देखाव्याचा किंवा एकांकिकेचा फोटो छापताना पोथी दिसत असेल तर ओळीत ‘कल्पित पोथी’ असे लिहावे. आणि कुणी ‘हजार वर्षांची पोथी’ घेऊन बातमीसाठी आला, तर छापण्याआधी तीन गोष्टी पाहाव्यात. संवत्सर शकाला जुळतो का, किडीचे भोक अक्षर खाते की चुकवते, आणि पान कोणत्या बाजूने उलटते. पाच मिनिटांचे काम आहे.

आपले,
जुन्या पोथ्या हाताळणारे आणि नाटकांसाठी पोथ्या करणारे काही वाचक,
बेळगाव